तेरामाचीतली लाल रेघ

जपानमध्ये पाच-सहा वर्षं काढलेल्या कुणाच्याही घरी दारामागे प्लास्टिकच्या पारदर्शक छत्र्यांचा ढीग असतो. त्यातली एकही हौसेनं घेतलेली नसते. कुठंतरी अडकलो, भिजलो, कोपऱ्यावरच्या कोन्बिनीतून, म्हणजे चोवीस तास उघड्या दुकानातून घेतली, घरी आली. आमच्या ऑफिसातले किस्सेही तसेच साठलेत. आणायला कुणी गेलं नव्हतं, पण आता टाकवतही नाहीत.

रविवारी टोकियोत ओजिमाला कुणाकडे तरी पोहे झाले की कुणीतरी म्हणतंच, "साने, तो नकाशाचा किस्सा सांग की!" मग मी सांगतो. सगळे हसतात. मीही हसतो. पण आधीच सांगून ठेवतो मंडळी, यातल्या एकाही किश्शात मी हिरो नाही. बहुतेक ठिकाणी तोंड लपवायला जागा शोधणारा माणूस म्हणजे मी.

तर आमची योकोहामातली छोटी कंपनी. टीममध्ये तिघं मराठी. लीड परांजपे, पन्नाशीचे, जपानी लोक त्यांना 'परान-सान' म्हणतात, 'सान' म्हणजे आपलं 'राव'. टेस्टिंगला स्नेहल, कोल्हापूरची. जपानी आमच्या तिघांत फक्त तिचं चांगलं आणि जीभ दोन्ही भाषांत तिखट. तिसरा मी. माझे बाबा पुण्याच्या सिटी सर्व्हे ऑफिसात तीस वर्षं मोजणीदार होते. त्यामुळे जमिनीच्या दप्तरातलं सगळं मला जन्मतःच कळतं, असा माझा समज होता. हा समज तेवढा लक्षात ठेवा.

काम आलं ते २०११च्या मोठ्या भूकंपानंतर तिसऱ्या वर्षी. ईशान्येच्या किनाऱ्यावर एक बंदराचं शहर आहे. त्याच्या पोटात तेरामाची नावाची जुनी वस्ती. एका बौद्ध देवळाभोवती वसलेली, म्हणजे देवळाची पेठच म्हणा ना! त्या देवळाचे भाविक तेच तेरामाचीचे रहिवासी. पोस्टाच्या पत्त्यातून हे नाव फार पूर्वीच गेलं होतं, पण जमिनीच्या दप्तरात प्रत्येक प्लॉट अजून 'तेरामाची, नंबर अमुक' असाच होता. आपल्याकडे नाही का, माणूस पत्त्यात सोसायटीचं नाव सांगतो आणि सिटी सर्व्हेच्या उताऱ्यावर पेठ निघते? अगदी तसंच.

त्सुनामीनं तेरामाची धुऊन नेली. देवळाच्या दरवाज्याचे दोन दगडी खांब तेवढे उरले. आम्ही जुने हातानं काढलेले नकाशे कॉम्प्युटरवर चढवायचे, त्यावरून हद्दी ठरणार, आणि मग ज्यांना परत घर बांधायचंय त्यांना बांधता येणार.

* * *

पहिल्या दिवशी स्टेशनबाहेर परांजप्यांनी टॅक्सीवाल्याला झोकात सांगितलं, "तेरामाची, दोनशे चौदा!"

त्यानं नेव्हिगेशनवर टाकून पाहिलं. नाही. पुन्हा टाकलं. नाही. परांजपे आमच्याकडे वळून मराठीत म्हणाले, "बघा! डेटातच घोळ आहे. अशी जागाच नाहीये."

मागे रांगेत एक म्हातारी बाई उभी होती, चाकांची पिशवी घेऊन. ती वाकून म्हणाली, "माफ करा, तेरामाची म्हणालात का? मी तिथलीच."

या कोन्नो-सान. ऐंशीला टेकलेल्या, आपल्या कमरेएवढ्या म्हटलं तरी चालेल. टेकडीवरच्या तात्पुरत्या वसाहतीत एका खोलीत राहत होत्या. त्या पुढच्या सीटवर बसल्या आणि वाट सांगत आम्हाला घेऊन गेल्या. उतरलो तर समोर नुसती खडी आणि गवत. कोन्नो-सान मात्र देवळाच्या खांबांपासून सरळ गेल्या, मग डावीकडे वळल्या, मग पुन्हा सरळ. त्या मोकळ्या रानात! परांजप्यांना वेळ नव्हता. ते तिरके निघाले.

कोन्नो-सान थांबल्या. हळूच म्हणाल्या, "माफ करा, तिथं बूट नकोत. ती आंदो-सानची बैठकीची खोली आहे."

परांजप्यांनी टुणकन उडी मारली ती गवतात! मग एका पायावर तोल सावरत विचारलं, "आंदो-सान आहेत का इथं? मी माफी मागतो त्यांची."

"नाहीत," कोन्नो-सान म्हणाल्या.

परांजपे मग त्यांच्या मागून सरळ वाटेनं चालू लागले. आम्हीही.

आणखी आत गेल्यावर त्या एका ठिकाणी उभ्या राहिल्या. "हे माझं घर. या, आत या." मुलगी सेंदाईला बोलावत होती, पण त्यांना इथंच परत घर बांधायचं होतं. "माझे मालक देवळामागच्या स्मशानात आहेत. रोज सकाळी पाणी कोण घालणार त्यांना?"

स्नेहलनं बूट काढले आणि आत गेली. मी नाही काढले. खडी टोचेल असं वाटलं मला. आज आठवलं की स्वतःच्याच एक थोबाडीत द्यावीशी वाटते.

* * *

मग वसाहतीच्या मीटिंग रूममध्ये एकेका रहिवाशाची माहिती घ्यायची होती. विचारायचं स्नेहलनं, टाइप करायचं मी. फॉर्ममध्ये खाने ठरलेले: नाव, प्लॉट नंबर, शेजारी, रस्ता, आणि शेवटी 'विशेष नोंद'.

कोन्नो-सानचा प्लॉट आतला. रस्त्याला लागून तोफूवाल्या सुगितांचं दुकान, आणि दुकानाच्या भिंतीकडेनं एक बोळ आत जायचा. त्या बोळाबद्दल बाईंनी जे सुरू केलं ते थांबेचनात. बोळ एवढा अरुंद की समोरून कुणी आलं तर एकानं भिंतीला पाठ लावायची. मधोमध सुगितांच्या छपराची पन्हळ इतकी खाली आलेली की येणारा-जाणारा प्रत्येक माणूस वाकायचा. "मी एवढीशी, तरी वाकायची! बर्फ साठलं की ती आणखी खाली यायची ना. आणि सुगितांचा मुलगा ज्या वर्षी उंच झाला, त्या वर्षी रोज आपटायचा. रोज! आम्ही घरात बसून आवाज ऐकायचो, टण्ण! की म्हणायचो, आला शाळेतून."

खोलीतल्या सगळ्या म्हाताऱ्या तोंडावर हात ठेवून हसल्या.

माझं लक्ष घड्याळाकडे. शिनकानसेन, म्हणजे बुलेट ट्रेन, पकडायची होती. मी स्नेहलला म्हटलं, "अगं, पन्हळीला खाना नाहीये फॉर्ममध्ये. आवर लवकर."

ती म्हणाली, "विशेष नोंदमध्ये टाक की."

मी विशेष नोंदमध्ये टाइप केलं, 'नाही'. आणि पुढच्या माणसाला बोलावलं.

* * *

हा किस्सा परांजप्यांचा आहे, पण हसलो मीही होतो, म्हणून माझाही.

आमच्याबरोबर मात्सुई-सान नावाचे मोजणीदार होते. वय अडुसष्ट, निवृत्त झालेले, पण या कामासाठी परत आलेले. बोलणं कमी, हातात कायम खुंट्यांची पिशवी. त्यांनी आम्हाला समजावलं होतं की भूकंपात इथली सगळी जमीनच पूर्वेकडे सरकलीय, कित्येक मीटर. त्यामुळे जुने आकडे जसेच्या तसे वापरायचे नाहीत.

शुक्रवारी सगळे इझाकायात, तिथल्या छोट्या बारमध्ये, बसलो. दोन बिअर पोटात गेल्यावर परांजप्यांना विनोद सुचला. "मात्सुई-सान, म्हणजे तुम्ही लोक फुकटात अमेरिकेच्या जवळ सरकलात की! तिकीट न काढता!"

टेबलावर हशा. मात्सुई-सानही हसले. ग्लास खाली ठेवून म्हणाले, "हो ना. माझं घर तर सगळ्यांत पुढं गेलं."

परांजपे मोठ्यानं हसले. मी पण. मग स्नेहलनं टेबलाखालून मला लाथ घातली तेव्हा कळलं, ते घर लाटेनं ओढून नेलं होतं. मात्सुई-सान एडामामेच्या शेंगा सोलत होते. एक परांजप्यांच्या बशीत ठेवत म्हणाले, "खा, परान-सान."

त्यानंतर परांजपे कधीही बिअर प्यायले की विनोदाच्या आधी आमच्याकडे बघून घेतात.

* * *

आता ऐका माझा पराक्रम!

जुने नकाशे स्कॅन होऊन आले. जाड हातकागद, शाईच्या काळ्या रेघा, आणि मधेच कुठं कुठं बारीक लाल पट्टे. प्लॉटांच्या मधूनच गेलेले, वेडेवाकडे. स्नेहलनं विचारलं, "हे लाल काय असेल?"

मी खुर्चीत मागे रेललो. "अगं, लाल शाई! लाल शाई म्हणजे दुरुस्ती. लहानपणापासून बघतोय मी. आमचे बाबा घरी दप्तर आणायचे, त्यात चुकलेलं सगळं लाल. इथं कुणीतरी चुकीच्या रेघा मारल्या, मग साहेबानं लाल करून रद्द केल्या. सिंपल!"

"मात्सुई-सानना विचारू का एकदा?"

"सिटी सर्व्हेवाल्याचा मुलगा आहे मी, स्नेहल!"

मी चार ओळींचा प्रोग्रॅम लिहिला. लाल दिसलं की पुसायचं आणि दोन्ही बाजूंच्या प्लॉटच्या काळ्या रेघा एकमेकींना भिडवायच्या. एका दुपारीत तेरामाचीचा अख्खा नकाशा कसा लख्ख झाला! क्लायंटनं मीटिंगमध्ये कौतुक केलं. "इतका स्वच्छ नकाशा आजवर कुणी दिला नव्हता." मला प्रशस्तिपत्रक मिळालं, लाल शिक्क्याचं. मी त्याचा फोटो बाबांना पाठवला. ते खूश झाले. "बापाचं नाव काढलंस," म्हणाले.

* * *

नियम असा की नकाशा तयार झाला की तो काही दिवस लोकांना पाहायला ठेवायचा. ज्याची जमीन असेल त्यानं यावं, बघावं, चूक असेल तर सांगावी. शहराच्या ऑफिसात टेबलं मांडली होती. आम्ही तिघं मदतीला बसलो होतो, गळ्यात ओळखपत्रं अडकवून.

कोन्नो-सान आल्या. चांगला किमोनो घालून आल्या होत्या, एखाद्या लग्नाला आल्यासारख्या. नकाशावर भिंग धरून त्यांनी आपला प्लॉट शोधला. मग बोट फिरवत राहिल्या. पुढं सुगिता. डावीकडे आंदो. मागे देऊळ. परत पुढं सुगिता. पुन्हा पुन्हा बोट तिथंच जाऊन थांबत होतं. त्यांच्या घराला बाहेर पडायला जागाच नव्हती.

टेबलावरच्या साहेबांनी नम्रपणे सांगितलं की नकाशाप्रमाणे वाट दिसत नाही, आणि प्लॉटला रस्त्यापर्यंत वाट नसेल तर घराला परवानगी मिळत नाही.

बाईंनी आणखी एकदा सुगितांच्या प्लॉटवरून बोट फिरवलं. मग भिंग मिटून पिशवीत ठेवलं आणि आमच्याकडे वळून खाली वाकल्या. "माफ करा. त्या दिवशी तुम्हाला मी बोळाचं, पन्हळीचं काहीबाही सांगितलं. तुमचा वेळ घेतला. वय झालं ना, आठवणीत गफलत झाली असेल माझी."

घ्या! साठ वर्षं रोज चाललेली वाट, आणि माझा नकाशा बघून त्या बाईनं स्वतःच्या डोक्यावर शंका घेतली. वर माफी कुणाची मागितली? माझी!

मी म्हणालो, "नाही नाही, काही हरकत नाही." हो, असंच म्हणालो मी. मोठ्या मनानं!

त्या गेल्यावर मात्सुई-सान आले. नकाशाकडे बराच वेळ बघत राहिले. मग फक्त एवढंच विचारलं, "लाल कुठं गेलं?"

मी दुरुस्तीचं सगळं तत्त्वज्ञान त्यांना ऐकवलं. ते शेवटपर्यंत ऐकून घेतात, ही त्यांची वाईट खोड. मग म्हणाले, "साने-सान, आमच्या जुन्या नकाशात लाल म्हणजे वाट. सगळ्यांची वाट. तिला नंबर नसतो, मालक नसतो. म्हणून लाल रंगवतात."

मंडळी, माझ्या पायाखालची जमीन सरकली, आणि या खेपेला भूकंप वगैरे काही नव्हता. स्नेहलनं जुन्या नकाशाचा स्कॅन उघडायला घेतला. ती 'सांगितलं होतं' असं म्हणाली असती तर बरं वाटलं असतं.

* * *

बाबांना फोन केला. सगळं ऐकून ते म्हणाले, "अरे, त्यांच्या लाल शाईला माझं दप्तर कशाला लावलंस? मी तीस वर्षं मोजणी केली, पण नव्या गावात गेलो की आधी कोतवालाला विचारायचो, बाबा, तुमच्याकडे काय पद्धत? नकाशा कागदावर असतो, पण हद्द गावाच्या पायात असते." मग थांबून विचारलं, "ते प्रशस्तिपत्रक लावलंयस का भिंतीला?"

लावलं होतं. काढलं.

* * *

जपानमध्ये माफी मागायला जाणं हे सोपं काम नाही. परांजप्यांनी अख्खी दुपार तालीम घेतली. काळे सूट. जड मिठाईचा खोका, कारण माफी जेवढी मोठी तेवढा खोका जड असावा म्हणतात. आणि वाकण्याचा कोन! साधं सॉरी पंधरा अंश, मोठी चूक पंचेचाळीस. परांजपे कंपासपेटीतला कोनमापक माझ्या कमरेला लावून ओरडत होते, "साने, चाळीसच होतंय! आणखी वाक! तुझीच चूक आहे ना?"

घरी आरशासमोर प्रॅक्टिस करत होतो तर माझी सात वर्षांची मुलगी बघून गेली आणि जपानीत आईला म्हणाली, "बाबानं काहीतरी मोडलंय वाटतं."

वसाहतीत कोन्नो-सानचं दार उघडलं. आत चार चटया मावतील एवढी खोली, दारात बूट काढायला वीतभर जागा. आम्ही तिघं कसेबसे एका रांगेत मावलो आणि परांजप्यांच्या खुणेसरशी एकदम वाकलो. पंचेचाळीस अंश. परांजप्यांचं डोकं माझ्या डोक्यावर, माझं स्नेहलच्या, आणि मिठाईचा खोका खालच्या बुटांवर!

कोन्नो-सान म्हणाल्या, "जागा लहान आहे हो. एकेकानं माफी मागा."

मग एकेकानं मागितली. माझी पाळी आली तेव्हा तालीम केलेलं वाक्य काही आठवेना. मोडक्यातोडक्या जपानीत म्हणालो, "तुमची आठवण बरोबर होती. वाट मी पुसली."

कोन्नो-सान माझ्यावर रागावल्या नाहीत. म्हणाल्या, "म्हणजे मला वेड लागलेलं नाही?"

"नाही."

"बरं झालं," म्हणाल्या आणि खोका उघडायला घेतला. "मग आता वाट परत आणा."

मला त्यांनी चार शिव्या घातल्या असत्या तर मी सुखानं झोपलो असतो.

* * *

वाट परत आणणं मात्र माझ्या हातात राहिलं नव्हतं. जुना नकाशा म्हणजे अंदाजे काढलेलं चित्र. लाल रेघ त्यात होती, पण ती जमिनीवर नक्की कुठून गेलीय हे त्यावरून मोजता येत नव्हतं. त्यासाठी दोन्ही बाजूंच्या मालकांनी जागेवर येऊन, इथून गेलीय, असं मान्य करायचं आणि सहीच्या जागी आपापला शिक्का मारायचा. एकानं जरी नाही म्हटलं तर 'हद्द अनिश्चित'. नकाशावर दोन्ही प्लॉट एकत्र, मधे अधिकचं चिन्ह, आणि काम वर्षानुवर्षं बंद. कोन्नो-सानकडे वर्षानुवर्षं कुठून असणार?

तोफूवाले सुगिता आता हयात नव्हते. मुलगा कोबेला नोकरीत. स्नेहलनं त्याला फोन लावला. तो अगदी नम्रपणे म्हणाला, "मी तीस वर्षांपूर्वी गाव सोडलं. बोळबिळ मला काही आठवत नाही. माझ्याकडे नवा नकाशा आहे, त्यात वाट नाही." त्याला त्या जागेवर गाड्या लावायची सोय करून ती भाड्यानं द्यायची होती, आणि माझ्या प्रोग्रॅमनं त्याची जागा बोळाएवढी रुंद करून ठेवली होती.

"तो नकाशा चुकला होता," स्नेहल म्हणाली.

"असं कसं? बक्षीस मिळालंय ना त्या नकाशाला? तुमच्या कंपनीच्या वेबसाइटवर फोटो आहे. ते हसणारे साने-सान कोण?"

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे! स्नेहलनं फोन स्पीकरवर ठेवला होता. परांजपे खिडकीबाहेर बघू लागले. मी टेबलाखाली पडलेलं पेन उचलायला वाकलो आणि गरजेपेक्षा जरा जास्तच वेळ खाली राहिलो.

तरी एकदा जागेवर यायला तो कबूल झाला. नुसता बघायला. शिक्का मारणार नाही म्हणाला.

* * *

त्या दिवशी वारा होता. तेरामाचीची नऊ म्हातारी माणसं छोट्या बसनं आली. सुगिता कोबेहून सुटाबुटात आला, उंच, कानाला फोन. कोन्नो-सानना पाहून वाकला, पण त्यांच्या डोळ्यांकडे काही बघितलं नाही.

मात्सुई-साननी सगळ्यांना देवळाच्या दगडी खांबांपाशी गोळा केलं. नकाशा त्यांनी उघडलाच नाही. म्हणाले, "कुणी काही बोलायचं नाही. एकमेकांना विचारायचं नाही. बाकीच्यांनी समुद्राकडे तोंड करून उभं राहायचं. एकेकानं इथून निघायचं आणि कोन्नो-सानच्या घरी चहाला जायचं. पूर्वी जायचात तसं."

माझ्या हातात मोजणीचा खांब, डोक्याच्या वर जाणारा, टोकाला जीपीएस. चालणाऱ्याच्या मागून चालत त्याचा रस्ता मी नोंदवायचा.

पहिल्या कोन्नो-सान. हातात चहाचा थर्मास. सरळ गेल्या, डावीकडे वळल्या, आणि गवताच्या मधोमध एके ठिकाणी थोड्या वाकल्या. मला वाटलं अडखळल्या. आधार द्यायला हात पुढं केला तोवर त्या ताठ होऊन पुढं गेल्यासुद्धा.

दुसरे एक निवृत्त कोळी. सरळ, डावीकडे, आणि तिथंच डोकं खाली.

तिसरी बाई काठी टेकत आली. तिथंच वाकली.

चौथे आंदो-सानचे भाऊ. तिथंच.

वर पन्हळ नव्हती, नुसतं आभाळ होतं. नऊच्या नऊ माणसं त्या एका जागी वाकली, आणि त्यातल्या एकालाही आपण वाकलो हे कळलं नाही. मी खांबावरचं बटण दाबत होतो. चष्मा सारखा ओला होत होता.

सुगिता मात्र देवळाच्या खांबांपाशीच उभा होता. "मी चालणार नाही," म्हणाला. मात्सुई-सान म्हणाले, "नका चालू. पण चहा झालाय, थंडी आहे. या." तेवढ्यात त्याचा फोन वाजला. ऑफिसचा असावा. तो फोनवर बोलत बोलतच चहाकडे निघाला, मान खाली, नजर बुटांवर. मी त्याच्या मागे. त्याचा आवाज स्पष्ट ऐकू येत होता. "हो, हो, संध्याकाळच्या गाडीनं निघतो. नाही, वाटेचा काही प्रश्नच नाही, नकाशात तर..."

आणि बोलता बोलता तो वाकला.

चांगला खोल वाकला, उंच माणसाला वाकावं लागतं तेवढा. तीन पावलं पुढं गेला. थांबला. सावकाश मागे वळून वर बघायला लागला, जिथं काहीच नव्हतं तिथं. त्याचा एक हात कपाळावर गेला. फोनमधून आवाज येत होता, "मोशिमोशि? सुगिता-सान? मोशिमोशि?"

 मात्सुई-साननी पिशवीतून लाल डोक्याची खुंटी काढली, गुडघ्यावर बसले आणि ती तिथं ठोकली.

सुगितानं फोन बंद करून खिशात टाकला. घसा खाकरला. "शिक्का कुठं मारायचा?" म्हणाला.

मग मागे मीच राहिलो होतो. खांब उभा धरून, ताठ मानेनं, तसाच निघालो. समोर कोन्नो-सान कपात चहा ओतत होत्या. त्यांनी वर बघितलं आणि एकदम ओरडल्या, "साने-सान! डोकं!"

मी खांब आडवा केला आणि वाकलो.